शनाया ट्वेनचं ‘यू आर स्टिल द वन’ आणि आमची सुरुवात नसलेली कॅसेट

कोरांटी

डिसेंबर १९९८ मध्ये पुण्यात आमचं रजिस्टर लग्न झालं. साक्षीदार म्हणून सह्या करायला त्याचे दोन मित्र आणि माझी हॉस्टेलमधली रूममेट, एवढीच माणसं. माझ्या घरून कुणी आलं नाही. त्याच्याकडून एक चुलते आले, पण आत आले नाहीत. व्हरांड्यातच उभे राहिले, आणि आम्ही बाहेर पडल्यावर त्याला म्हणाले, “सहा महिने. दिवाळीला एकटाच येशील बघ.” माझ्याकडे त्यांनी पाहिलंही नाही.

कर्वेनगरला एका खोलीत संसार मांडला. एक गादी, वातीचा स्टोव्ह आणि त्याचा कॉलेजपासूनचा दोन डेकचा टू-इन-वन. रूममेट म्हापशाची. तिच्याकडे कॅनडाची गायिका शनाया ट्वेन हिच्या ‘कम ऑन ओव्हर’ या अल्बमची कॅसेट होती. एका रविवारी ती घेऊन आली आणि नवऱ्याने त्यातली चार-पाच गाणी कोऱ्या कॅसेटवर उतरवून घेतली. ‘यू आर स्टिल द वन’च्या वेळी रेकॉर्डचं बटण दाबायला उशीर झाला असावा, कारण आमच्या कॅसेटवर ते गाणं थेट पहिल्या ओळीवर उघडायचं : जमलं की आपल्याला, बघ किती लांब आलो. त्याच्या आधी काही आहे हे मला माहीतच नव्हतं.

माझं शिक्षण सांगलीत, मराठी शाळेत. वाचलेलं इंग्रजी कळायचं, गायलेलं कळायला वेळ लागायचा. भात शिजत ठेवून मी कॅसेट मागे-पुढे करत एकेक ओळ वहीत उतरवायचे. ‘लोक म्हणाले होते, यांचं काही टिकायचं नाही’ अशा अर्थाची ओळ ज्या संध्याकाळी नीट ऐकू आली, त्या संध्याकाळी मी स्टोव्ह बारीक केला आणि तशीच खाली बसून राहिले. व्हरांड्यातले चुलते त्या कॅनडातल्या बाईलाही भेटले होते तर.

पुढे थोडं वाचलं तेव्हा कळलं की खरंच तसंच होतं. हे गाणं शनाया आणि तिचा तेव्हाचा नवरा रॉबर्ट जॉन ‘मट’ लँग यांनी मिळून लिहिलंय. लँग म्हणजे एसी/डीसी, डेफ लेपर्ड अशा दणदणीत रॉक बँडांचे अल्बम घडवणारा निर्माता. तिचा पहिला अल्बम फारसा चालला नव्हता, पण तो ऐकून याने तिला फोन केला. कित्येक आठवडे ओळख फोनवरचीच, गाण्यांबद्दलची. जून १९९३ मध्ये नॅशव्हिलच्या, म्हणजे कंट्री या अमेरिकी ग्रामीण वळणाच्या संगीताच्या माहेरघराच्या, फॅन फेअर मेळ्यात दोघं पहिल्यांदा समोरासमोर आली आणि त्याच वर्षी डिसेंबरात लग्न केलं. ती २८ वर्षांची, तो ४५ चा. तो प्रसिद्ध, ती धडपडणारी. लोकांनी काय काय म्हटलं असेल ते वेगळं सांगायला नको. त्या बोलण्याला या दोघांनी मिळून दिलेलं उत्तर म्हणजे हे गाणं. धृपदात तिच्या मागून जो उंच लागलेला पुरुषी आवाज साथ करतो, तो लँगचाच आहे. हे कळल्यावर मी ते गाणं पुन्हा पहिल्यापासून ऐकलं होतं, फक्त त्या मागच्या आवाजासाठी.

जानेवारी १९९८ मध्ये ते सिंगल म्हणून आलं. अमेरिकेच्या बिलबोर्ड हॉट १०० यादीत नऊ आठवडे दुसऱ्या क्रमांकावर होतं, पहिला क्रमांक काही मिळाला नाही. कंट्रीच्या यादीत मात्र पहिलं आलं. फेब्रुवारी १९९९ मध्ये दोन ग्रॅमी मिळाले, एक गाण्याला आणि एक तिच्या गायनाला. अल्बमच्या जगभरात चार कोटींहून जास्त प्रती गेल्या.

आता मला ज्याबद्दल बोलायचं आहे ते. ‘द वन’ला मराठीत काय म्हणायचं यावर मी फार वर्षं अडले होते. ‘ती एकमेव व्यक्ती’ असं कोण कुणाला म्हणेल? मग केव्हातरी लक्षात आलं की आपल्याला त्यासाठी वेगळा शब्द लागतच नाही, एक ‘च’ पुरतो. तू आणि तूच. पण ‘स्टिल’ने जास्त त्रास दिला. ‘अजून तूच’ म्हटलं तर उद्याची खात्री नाही असं वाटतं. ‘आजही तूच’ म्हटलं की सकाळी उठून पुन्हा नव्याने ठरवल्यासारखं. ‘तरीही तूच’ म्हटलं की मधे बरंच काही होऊन गेलंय हे न सांगता कळतं. प्रेमात पडण्याची गाणी आपल्याकडे ढिगाने आहेत, विरहाची त्याहून जास्त. पण रोज एकाच ताटलीतून शेंगदाण्याची चटणी वाढून घेणाऱ्या दोन माणसांचं, टिकून राहण्याचं गाणं म्हटलं तर मला हेच आठवतं.

२०१० च्या सुमारास घरी ब्रॉडबँड आलं आणि मी यूट्यूबवर हे गाणं पहिल्यांदा पाहिलं. कृष्णधवल चित्र, समुद्र. आणि गाणं सुरू होण्याआधी ती बोलते! तुला पहिल्यांदा पाहिलं तेव्हा प्रेम दिसलं, स्पर्श केलास तेव्हा प्रेम जाणवलं, आणि इतक्या काळानंतरही तूच, अशा आशयाचं, हळू आवाजात, अगदी कानाशी बोलल्यासारखं. बारा वर्षं मी हे गाणं डोक्याशिवाय ऐकत होते. आणि त्याच संध्याकाळी खालच्या प्रतिक्रियांमध्ये वाचलं की ती दोघं २००८ मध्येच वेगळी झाली.

तेव्हापासून एक प्रश्न मनात आहे. ज्यांनी लिहिलं त्यांचंच टिकलं नाही, तरी हे गाणं मला एकदाही खोटं वाटलं नाही. का वाटलं नसेल? तुम्हाला कसं वाटतं ते मनापासून सांगा. फक्त ‘छान गाणं’ एवढंच लिहिलंत तरी आनंदच आहे.


निशिगंध_२

छान गाणं. आणि छान धागा. वाचनखूण साठवली आहे, रात्री निवांत लिहिते.


मांडवीकाठ

कोरांटीताई, मी डिचोलीचा. गेली बावीस वर्षं लग्नांच्या बँडमध्ये बेस गिटार वाजवतो. आमच्या इथे हे गाणं किती वेळा वाजवलं याचा हिशोब नाही, पण कधी वाजवलं ते सांगतो.

ख्रिस्ती लग्नात नवरानवरी हॉलमध्ये आली, टोस्ट झाला, केक कापला की त्यांचा पहिला नाच असतो. त्यासाठी जोडपी आपलं गाणं आधीच कळवतात. शनायाचंच ‘फ्रॉम धिस मोमेंट ऑन’ खूप मागतात, ते साहजिकच आहे, ते सुरुवातीचं गाणं. ‘स्टिल द वन’ लग्नात कमी लागतं. ते लागतं ज्युबिलीला. आमच्याकडे लग्नाला २५ वर्षं झाली की चर्चमध्ये मिसा, मग हॉल, बँड, जेवण, सगळं पुन्हा होतं. मुलं मोठी झालेली असतात, तीच खर्च करतात. आणि आई-बाबांना मधे उभं करून बँडला खूण करतात. बाबा बहुतेक जहाजावर किंवा आखातात नोकरी केलेले. वर्षातले नऊ-दहा महिने घराबाहेर काढलेला माणूस पन्नाशीत बायकोच्या कमरेवर हात ठेवताना जो अवघडतो, तो मी स्टेजवरून बघितलाय. दुसऱ्या कडव्यापर्यंत तो अवघडलेपणा गेलेला असतो.

वाजवणाऱ्याच्या बाजूने एक गोष्ट. मूळ गाणं ई-फ्लॅट मेजर या पट्टीत आहे, लय एकदम संथ. धृपदाला चारच कॉर्ड, म्हणजे एकत्र वाजणारे स्वरांचे गट : पहिला (तेच गाण्याचं घर), चौथा, दुसरा मायनर आणि पाचवा. पाचव्यावर येऊन ओळ थांबते, म्हणजे घराच्या उंबऱ्यावर. आत पाऊल पडतं ते पुढच्या ओळीच्या पहिल्या कॉर्डला. परत फिरून पुन्हा उंबऱ्यावर. धृपदभर हे चालू असतं. शब्दांत ती म्हणते की मी तुझ्याकडेच धावत येते, आणि खालचे कॉर्डही दर वेळी घरीच येतात. नवीन मुलांना शिकवताना मी सांगतो, इथे बेसने काही कलाकुसर करायची नाही, फक्त वेळेवर घरी यायचं.

आणि कंट्री संगीत आमच्या भागाला नवीन नव्हतं. शनायाच्या आधी तीस वर्षं जिम रीव्हज घराघरात होता. गोव्यात, वांद्र्यात, वसईत कुठल्याही जुन्या ख्रिस्ती घरात विचारा, त्याची एखादी तबकडी निघेलच. त्यामुळे हे गाणं आलं तेव्हा आमच्या आजीला ते परकं वाटलंच नाही.


मींड

मांडवीकाठ, उंबऱ्याचं फार नेमकं सांगितलंत.

मला एका वेगळ्या गोष्टीबद्दल लिहायचंय. या गाण्याची दोन रूपं आहेत आणि तुम्ही कुठलं ऐकलंय त्यावर तुमचं मत ठरतं. नोव्हेंबर १९९७ मध्ये अमेरिका-कॅनडात जो अल्बम आला त्यात फिडल आणि पेडल स्टील गिटार आहेत, म्हणजे कंट्रीची ओळखीची वाद्यं. मग १९९८ मध्ये बाकीच्या जगासाठी लँगने तोच अल्बम नव्याने बांधला. गळा तोच, गाणी तीच, पण स्टील आणि फिडल बाजूला, कीबोर्ड पुढे. नॅशव्हिलमधल्या जुन्या जाणत्यांची तक्रार होतीच की ही बाई कंट्री नाही, पॉप आहे. लँगने त्या वादाचं उत्तर दोन्ही आवृत्त्या काढून दिलं असं मी म्हणेन.

स्टीलवाली आवृत्ती जरूर शोधून ऐका. पेडल स्टील म्हणजे टेबलासारखी आडवी ठेवलेली गिटार. डाव्या हातात पोलादी दांडी, ती तारांवरून सरकवायची. शिवाय पायाखाली पेडल आणि गुडघ्यांशी खिट्ट्या, त्यांनी एखादीच तार ताणायची किंवा सैल करायची. त्यामुळे एक स्वर जागचा हलत नाही आणि त्याला चिकटलेला दुसरा स्वर त्याच्याकडे सरकत येतो. आपली मींड एका तारेवर असते, इथे दोन तारा एकमेकींशी मींड घेतात. दोन माणसांच्या गाण्याला याहून योग्य वाद्य मला सुचत नाही, आणि नेमकं तेच जगभरच्या आवृत्तीतून गेलं याची मला मनापासून हळहळ वाटते.

आपल्याला हा आवाज मुळीच अनोळखी नाही. याच वाद्याची आई म्हणजे हवाईयन गिटार. व्हॅन शिप्ले यांनी ती मुंबईच्या फिल्मी ऑर्केस्ट्रात आणली, पंडित ब्रिजभूषण काब्रांनी तिच्यावर राग वाजवले. माझे वडील काब्रांच्या मैफलीबद्दल बोलताना उजवा हात हवेत तिरका सरकवायचे. पुढे नॅशव्हिलच्या स्टील वादकाचं चित्रीकरण पाहिलं तेव्हा मला सगळ्यात आधी बाबांचा तो हात आठवला.


परतवाट

मी धाग्याच्या मूळ प्रश्नावर लिहितो. माझं मत वेगळं आहे, राग मानू नका.

मला हे गाणं ऐकवत नाही. माझ्या रिसेप्शनला हे लावलं होतं, मीच निवडलं होतं. २०११ मध्ये आमचा घटस्फोट झाला. पण ते बाजूला ठेवू. गाण्याकडेच बघा. १९९३ च्या डिसेंबरात लग्न, १९९७ च्या नोव्हेंबरात अल्बम. म्हणजे लिहिलं तेव्हा लग्नाला चार वर्षंसुद्धा झाली नव्हती. चार वर्षांत ‘किती लांब आलो’ आणि ‘इतक्या काळानंतरही’ म्हणायचं? हे गाणं वर्तमानकाळातलं आहे असं आपल्याला वाटतं, पण ते भविष्यावर काढलेलं कर्ज आहे. आणि ते फिटलं नाही. तिची जवळची मैत्रीण आणि लँग यांच्यातल्या संबंधांमुळे ते लग्न मोडलं, हे शनायाने स्वतः उघडपणे सांगितलेलं आहे. तीच माणसं, तेच दोन आवाज अजून त्या रेकॉर्डमध्ये एकमेकांना साथ करतायत. कोरांटी यांना तो मागचा आवाज ऐकून जे वाटलं, त्याच्या अगदी उलट मला वाटतं.


कोरांटी

परतवाट, राग कसला. तुम्ही इतकं स्वतःचं लिहिलंत त्याबद्दल आभार.

पण चार वर्षांबद्दल माझं ऐका. ज्यांना लोकांनी पन्नास वर्षं दिलेली असतात त्यांना चार वर्षं काहीच नाहीत. ज्यांना सहा महिने दिलेले असतात त्यांना चार वर्षं खूप लांब असतात. मी १९९९ ची दिवाळी अशी साजरी केली जशी कुणी साठी साजरी करत नसेल. चकल्या मोडल्या, करंज्या तेलात सुटल्या, तरी डबा भरून चुलत्यांच्या घरी गेलो. दोघं गेलो. त्यांनी दार उघडलं, डबा घेतला, चहा विचारला नाही. परत येताना बसमध्ये नवरा गप्प होता आणि मी मनातल्या मनात हेच गाणं म्हणत होते. त्या दिवशी आमच्या लग्नाला अकरा महिनेही झाले नव्हते. मला कुणाचं कर्ज काढल्यासारखं वाटलं नाही, हातात आलेला पहिला पगार मोजल्यासारखं वाटलं.

मागच्या आवाजाबद्दल तुमचं म्हणणं मात्र मला पटतं. त्याला माझ्याकडे उत्तर नाही.


निशिगंध_२

रात्री लिहिते म्हणाले होते. कोरांटी यांचं वरचं वाचून आधी थोडा वेळ तशीच बसले.

मला हे गाणं उखाण्यासारखं वाटतं. नव्या नवरीचा, सगळ्यांनी हट्ट करून घ्यायला लावलेला उखाणा नाही. हळदीकुंकवाला एखादी पन्नाशीची बाई न सांगता पुढे होऊन नाव घेते ना, तसा. त्यात यमक साधंच असतं, पण नाव घेताना ती खोलीभर नजर फिरवते. जे पूर्वी कुजबुजले ते सगळे समोर बसलेले असतात. शनायाही या गाण्यात नवऱ्याशी जेवढं बोलते तेवढंच त्या बाकीच्यांना ऐकवते. आम्ही तुमचं ऐकलं नाही ते बरं केलं, नाहीतर केवढ्याला मुकलो असतो, हे तर ती दुसऱ्या कडव्यात सरळच म्हणते.

‘स्टिल’साठी माझं मत ‘तरीही’ला.


मींड

माझं मत ‘अजूनही’ला. ‘तरीही’मध्ये थोडी तक्रार येते, आणि या चालीत तक्रार कुठेच नाही.


उत्तरध्रुव

मी टोरांटोला असतो. धागा वाचून राहवलं नाही.

२००६ च्या हिवाळ्यात कामानिमित्त टिमिन्सला गेलो होतो. शनाया तिथे वाढली. टोरांटोहून उत्तरेला साधारण ७०० किलोमीटर. शेवटचे कित्येक तास फक्त स्प्रूसची झाडं, बर्फ आणि लाकडाचे ट्रक. सोन्याच्या खाणींवर उभं राहिलेलं गाव. तिचे सावत्र वडील जेरी ट्वेन ओजिब्वे या मूळनिवासी समाजातले, घरची परिस्थिती अशी की शाळेत डबा नसायचा, हे तिने स्वतः सांगितलंय. आठ वर्षांची असल्यापासून ती बारमध्ये गायची, दोन पैसे घरात यावेत म्हणून. नोव्हेंबर १९८७ मध्ये आई आणि हे वडील दोघंही मोटार अपघातात गेले. ती २२ वर्षांची. धाकट्या भावंडांना घेऊन ती हंट्सव्हिलच्या डीअरहर्स्ट रिसॉर्टमध्ये गायला लागली आणि त्या पगारावर तिने घर चालवलं. भावंडं हाताशी आल्यावर मगच नॅशव्हिल.

हे मुद्दाम लिहितोय. परतवाट म्हणतात चार वर्षांत कसलं ‘लांब आलो’. मी त्या रस्त्याने गाडी चालवली आहे. उणे तीसमध्ये पेट्रोल भरायला खाली उतरलो तेव्हा पापण्या एकमेकींना चिकटल्या. तिथून निघालेल्या मुलीने ‘बघ किती लांब आलो’ म्हटलं तर ते मला लग्नाच्या वर्षांबद्दल वाटत नाही. तिची पहिली मोठी टूर मे १९९८ मध्ये सुरू झाली, म्हणजे हे गाणं सगळीकडे वाजत असताना, आणि ती तिने सडबरीपासून सुरू केली, तिच्याच उत्तर ओंटारिओतून.

गावात तेव्हा शनाया ट्वेन सेंटर होतं. २००१ मध्ये उघडलेलं, मी पाहिलं. मी गेलो त्या दिवशी आम्ही दोघंच पाहुणे होतो. पुरेसे लोक येईनात म्हणून २०१३ मध्ये ते बंद झालं, जागा सोन्याच्या खाणीसाठी विकली गेली आणि इमारत पाडली. पुढे तिथे उघडी खाण झाली. तिच्या नावाचा रस्ता तेवढा राहिलाय.


खर्जातला_सा

मी गाणं शिकवते, म्हणून आवाजाबद्दल.

२००३ मध्ये तिला गोचीड चावून लाइम आजार झाला. त्यातून स्वरयंत्राच्या नसांना इजा झाली. या अवस्थेला डिस्फोनिया म्हणतात : गळा दुखत नाही, पण स्वर लावायला गेलं की तो हवा तिथे आणि हवा तेव्हा लागत नाही, मधेच विरतो. बरीच वर्षं तिला स्वतःलाही कारण कळलं नव्हतं, आणि त्याच काळात लग्न मोडलं. नवरा, निर्माता, सहलेखक आणि मागे साथ करणारा गळा असं सगळं एकाच माणसात होतं, आणि तो गेला त्या वेळी तिचा स्वतःचाही गळा जागेवर नव्हता. पुढे गळ्यावर उघडी शस्त्रक्रिया झाली, स्वरतंतूंना आधार बसवला.

आता मुद्दा. २०१२ च्या डिसेंबरात तिने लास व्हेगासच्या सीझर्स पॅलेसमध्ये कार्यक्रम सुरू केला, तो दोन वर्षं चालला. त्याला तिने नाव काय दिलं? ‘स्टिल द वन’. ज्या माणसाबरोबर लिहिलं तो गेला आणि शब्द तिने ठेवून घेतले. २०२२ मध्ये कोचेला महोत्सवात हॅरी स्टाइल्सने तिला बोलावलं तेव्हाही दोघांनी हे गाणं म्हटलं. मी ते चित्रीकरण विद्यार्थिनींना दाखवते. आवाज खाली आलाय, जाड झालाय, कडेला थोडी खरखर आहे. १९९८ चा गुळगुळीतपणा नाही. पण ‘स्टिल’ या शब्दावर ती जो श्वास सोडते तो तेव्हाच्या रेकॉर्डमध्ये नाही. तेव्हा तिला त्याची गरजच नव्हती.

माझ्या गुरू म्हणायच्या, बंदिश घराण्याची असते, पण ती लागते ज्याला त्याला ज्याच्या त्याच्या वयात.


परतवाट

खर्जातला_सा, ते कोचेलाचं आत्ताच पाहिलं. पूर्ण ऐकलं. बऱ्याच वर्षांनी पूर्ण ऐकलं.

माझं मत बदललं असं नाही म्हणणार. पण एक गोष्ट मला माहीत नव्हती की ती हे अजून गाते. मला वाटलं होतं तिने सोडून दिलं असेल, मी दिलं तसं. तिने नंतर दुसरं लग्न केलं ना, १ जानेवारी २०११ ला? त्याच मैत्रिणीच्या नवऱ्याशी, म्हणजे जो तिच्याइतकाच पोळला होता त्याच्याशी. तेव्हा मी कोर्टात चकरा मारत होतो, बातमी वाचून चिडलो होतो. आज तसं वाटलं नाही.

मूळ रेकॉर्ड मात्र नाही लावलं. तिच्या एकटीच्या आवाजात कुठे असेल तर सांगा.


मांडवीकाठ

परतवाट, व्यनि (व्यक्तिगत निरोप) केलाय. आमच्या बँडच्या गायिकेने तालमीत नुसत्या गिटारवर म्हटलेलं आहे माझ्याकडे, फोनवर घेतलेलं. मागे कुणाचाही आवाज नाही. चालेल तर ऐका.


कोरांटी

इतकं सगळं येईल असं वाटलं नव्हतं. सगळ्यांचे आभार. मींड, स्टीलवाली आवृत्ती सापडली, तुम्ही म्हणता ते ‘सरकणं’ दुसऱ्या ऐकण्यात कळलं. उत्तरध्रुव, तुमच्या चिकटलेल्या पापण्या डोळ्यांपुढून जात नाहीत.

काल रात्री हा धागा नवऱ्याला वाचून दाखवला. तो ऐकत होता, मधे उठला आणि शिडी लावून माळ्यावर चढला. जुन्या बिलांच्या खोक्यातून ती कॅसेट काढली. मला वाटलं होतं ती कर्वेनगरची खोली सोडताना गेली. डबीचं झाकण एका बाजूने तुटलंय. आतल्या कार्डावर त्याच्या अक्षरात, निळ्या बॉलपेनने गाण्यांची नावं आहेत. तिसऱ्या ओळीत लिहिलंय : यू आर स्टिल द वन, आणि पुढे बारीक अक्षरात, ‘बोलणं सोडून’.

म्हणजे बटण दाबायला उशीर झालाच नव्हता. मी विचारलं, “का सोडलंस?” तो कार्ड परत डबीत घालत म्हणाला, “ती म्हणते ना, इतक्या काळानंतर. आपल्याला तेव्हा सतरा दिवस झाले होते. ते मी कुठून आणणार होतो?”

घरात आता कॅसेट वाजवायला काहीच नाही. पुण्यात कुणाकडे चालू डेक असेल तर कृपया व्यनि करा. फीत कोरडी पडली असेल तर सांभाळून लावणारा माणूस हवा आहे. मी कॅसेट घेऊन येईन, तोही येईल म्हणतोय.